आधी रनिंग मोजा: नाशिकमध्ये स्वच्छ गाडीकडे वळणाऱ्यांसाठी

डिसेंबरात सकाळी पावणेसातला आमच्या इंदिरानगरच्या कोपऱ्यावर शाळेची व्हॅन येऊन थांबते. काका खाली उतरून टपावर दप्तरं बांधायला लागतात. इंजिन चालूच असतं. व्हॅनच्या मागे स्वेटर घालून तीन-चार पोरं उभी असतात आणि सायलेन्सर बरोबर त्यांच्या गुडघ्याच्या उंचीवर असतो. आपण मोठी माणसं त्या धुरापासून चार फूट वर श्वास घेतो, पहिलीतलं पोर दोन फुटांवर घेतं. हे एकदा नीट पाहिलं आणि मग मला ते न पाहणं जमेना.

थंडीत आपल्याकडे हे जास्त जाणवतं, त्याला कारण आहे. रात्री जमीन गार पडते, तिच्यालगतची हवाही गार होते आणि वर उबदार हवेचा थर झाकणासारखा बसतो. सकाळी होळकर पुलावरून गोदावरीकडे पाहिलं की धुक्यात मिसळलेला तो करडा पट्टा दिसतो. ऊन चढेपर्यंत खालचा धूर खालीच राहतो, आणि शाळा, क्लास, सातपूर-अंबडची पहिली शिफ्ट हे सगळं नेमकं त्याच वेळी रस्त्यावर असतं.

केंद्र सरकारने जानेवारी २०१९ मध्ये राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रम सुरू केला. हवेची मानकं न पाळणाऱ्या शहरांच्या त्या यादीत नाशिक आहे. आपल्या देशाचं मानक सांगतं की पीएम २.५ म्हणजे अतिसूक्ष्म कण वर्षाच्या सरासरीने घनमीटरला ४० मायक्रोग्रॅमच्या आत हवेत. जागतिक आरोग्य संघटना २०२१ पासून ५ म्हणते. हे कण फुप्फुसाच्या तळाशी जातात आणि तिथून रक्तात, म्हणून त्यांची एवढी काळजी.

आता आपण काय करायचं? मी गेली काही वर्षं घरात, सोसायटीत आणि चौकातल्या रिक्षास्टँडवर याच्या मागे आहे. नव्याने सुरुवात करणाऱ्याला मी एकच गोष्ट आधी सांगतो: कुठली गाडी घ्यायची हा प्रश्न मागे ठेवा, कुठली गाडी जास्त फिरते ते आधी शोधा.

पहिली पायरी: आठवडाभर रनिंग लिहा

एक साधी वही घ्या. सोमवारी सकाळी घरातल्या प्रत्येक गाडीचं किलोमीटरचं रीडिंग लिहा, पुढच्या सोमवारी पुन्हा लिहा. बस्स. हे न करता लोक थेट शोरूममध्ये जातात आणि तिथेच चुकतात.

आमच्या घरी हे केलं तेव्हा कार आठवड्यात ६० किलोमीटर फिरलेली निघाली, तीही बहुतेक रविवारी. बायकोची स्कूटर मात्र रोज २८ किलोमीटर, पाथर्डी फाट्याहून नाशिकरोडला जाऊन-येऊन. मी मनातल्या मनात इलेक्ट्रिक कारचं स्वप्न बघत होतो आणि पेट्रोल जळत होतं स्कूटरमध्ये. आधी स्कूटर बदलली.

हिशेब असा मांडा. स्कूटर लिटरला ४५ किलोमीटर देते. रोज २८ किलोमीटर म्हणजे महिन्याचे २६ दिवस धरले तर साधारण १६ लिटर पेट्रोल. लिटरला १०० रुपये धरले तरी सोळाशे रुपये झाले. तेवढ्याच धावेला इलेक्ट्रिक स्कूटरला दिवसाला साधारण एक युनिट लागतं. सगळे आकार आणि वीज शुल्क मिळून युनिटला १५ रुपये धरले तरी महिन्याचे चारशेच्या आत. म्हणजे महिन्याला बाराशे रुपये वाचतात. हप्त्याचा विचार त्या बाराशेच्या जोरावर करायचा. पण तुमची स्कूटर दिवसाला फक्त पाच किलोमीटर भाजी आणायला जात असेल, तर ती आहे तशी नीट राखणं शहाणपणाचं. नवी गाडी बनवतानाही धूर निघतोच.

दुसरी पायरी: आहे ती गाडी स्वच्छ करा

बहुतेकांना ही पायरी कंटाळवाणी वाटते. मला विचाराल तर सगळ्यात स्वस्तात सगळ्यात जास्त धूर इथेच कमी होतो.

पीयूसी आपण सगळे काढतो, पण कागद गाडीत टाकण्यापलीकडे तो कुणी वाचत नाही. पेट्रोल गाडीच्या कागदावर कार्बन मोनॉक्साइड टक्क्यांत आणि हायड्रोकार्बन पीपीएममध्ये, म्हणजे दहा लाख भागांत किती, असं दिलेलं असतं. बीएस-४ (बीएस म्हणजे धुराची सरकारी मानकं, आकडा जितका मोठा तितकं मानक कडक) किंवा त्यापुढच्या पेट्रोल कारला मर्यादा आहे ०.३ टक्के आणि २०० पीपीएम. तुमचा आकडा पास असूनही मर्यादेला टेकलेला असेल, तर गाडी काहीतरी सांगते आहे: एअर फिल्टर चोंदला आहे, प्लग काळे पडले आहेत किंवा सेन्सर खराब आहे. मागच्या वर्षीचा कागद शेजारी ठेवून दोन्ही आकडे बघा.

केंद्रावर गेलात की दोन गोष्टी पाहा. गाडी गरम झालेली असावी, म्हणजे घरून निघून पाच-सात किलोमीटर फिरून जावं. आणि नळी सायलेन्सरमध्ये खरोखर आत घातली आहे ना, हे स्वतः खाली वाकून बघावं. टोकाला नुसती टेकवली तर बाहेरची हवा मिसळते आणि आकडा खोटाच चांगला येतो. असं प्रमाणपत्र दंड वाचवेल, धूर नाही. दंडाचं म्हणाल तर वैध पीयूसी नसेल तर मोटार वाहन कायद्याच्या २०१९ च्या दुरुस्तीनंतर तो १०,००० रुपयांपर्यंत जाऊ शकतो. बीएस-४ आणि बीएस-६ गाड्यांना प्रमाणपत्र वर्षभर चालतं, त्याहून जुन्यांना सहा महिने.

माझ्या नेहमीच्या मेकॅनिकने एकदा माझ्याच कारचा एअर फिल्टर काढून फरशीवर आपटला. त्या फटक्यासरशी फरशीवर मूठभर काळसर माती पडली, आणि त्या मातीत एक वाळलेलं कडुनिंबाचं पान. "भाऊ, हिला श्वासच घेता येत नव्हता," तो म्हणाला. नाशिकच्या धुळीत, विशेषतः रस्त्यांची कामं चालू असलेल्या भागात तुमचं येणं-जाणं असेल, तर कंपनीने सांगितलेल्या किलोमीटरची वाट न बघता मधेच एकदा फिल्टर उघडून बघा.

इंधनाचंही तसंच. १ एप्रिल २०२० पासून देशभर बीएस-६ इंधन मिळतं. त्यात गंधक १० पीपीएमच्या आत असतं, आधीच्या बीएस-४ मध्ये ते ५० पर्यंत असायचं. पण भेसळ झाली तर या सगळ्यावर पाणी. पंपावर फिल्टर पेपर मागायचा हक्क तुम्हाला आहे. नोझलचं तोंड पुसून पेट्रोलचा एक थेंब त्यावर टाका. दोनेक मिनिटांत तो उडून जायला हवा आणि कागदावर डाग राहायला नको. तेलकट कडं राहिलं तर त्या पंपावर पुन्हा जाऊ नका आणि तक्रार पुस्तक मागा.

सध्या पेट्रोलमध्ये २० टक्क्यांपर्यंत इथेनॉल असतं. त्याने कार्बन मोनॉक्साइड कमी होतो, पण इथेनॉलमध्ये ऊर्जा कमी असल्याने अॅव्हरेज थोडं पडतं. जुन्या गाडीत रबरी नळ्या आणि सील एकदा तपासून घ्या. पावसाळ्यात टाकीचं झाकण नीट बसतं का तेही बघा, कारण इथेनॉल पाणी ओढून घेतं आणि पाण्याचं प्रमाण वाढलं की ते पेट्रोलपासून वेगळं होऊन टाकीच्या तळाशी बसतं.

डिझेलवाल्यांसाठी थोडक्यात. बीएस-६ डिझेल गाडीत काजळी अडवणारा डीपीएफ असतो. गाडी रोज फक्त शहरात रांगत राहिली तर तो भरतो, म्हणून आठवड्यातून एकदा तरी घोटी किंवा ओझरच्या दिशेने हायवेला अर्धा तास सलग चालवा, म्हणजे तो आतल्या आत जळून साफ होतो. काही जण डीपीएफ काढून टाकायचा किंवा धुरातले नायट्रोजनचे ऑक्साइड कमी करणारी यूरियाची यंत्रणा बंद करायचा सल्ला देतात. तसं केलं की बीएस-६ गाडी जुन्या ट्रकच्या पंगतीला जाऊन बसते. कितीही पैसे वाचत असले तरी करू नका.

आणि सिग्नलला इंजिन बंद करा. द्वारकेला किंवा मुंबई नाक्याला जो वेळ उभं राहावं लागतं, त्यात याचा फरक पडतो.

तिसरी पायरी: सीएनजी कुणाला योग्य?

नाशिकमध्ये महाराष्ट्र नॅचरल गॅस लिमिटेडचं गॅसचं जाळं आल्यापासून सीएनजी हा खरा पर्याय झाला आहे. सीएनजीच्या धुरात काजळी जवळजवळ नसते. नायट्रोजनचे ऑक्साइड मात्र असतात, म्हणून त्याला पूर्ण स्वच्छ म्हणू नका, बराच स्वच्छ म्हणा. ज्याची गाडी दिवसाला ५० किलोमीटरच्या वर चालते आणि ज्याला नाशिक-पुणे किंवा नाशिक-धुळे असं बाहेरगावी जावं लागतं, त्याला तो आज बरा पडतो. रांगेत थांबायची तयारी ठेवा. पंप तुमच्या रोजच्या वाटेवर असेल तरच हिशेब जमतो, गॅस भरायला उलट दिशेला पाच किलोमीटर जाणं म्हणजे आतबट्ट्याचा व्यवहार.

कंपनीतून आलेली सीएनजी गाडी मिळत असेल तर तीच घ्या. जुन्या पेट्रोल गाडीला किट बसवायचं असेल तर माझा अनुभव ऐका. काही वर्षांपूर्वी मी एका गॅरेजमध्ये किट बसवून घेतलं. बाकीच्यांपेक्षा सहा हजारांनी स्वस्त. गाडी छान चालली. विम्याचं नूतनीकरण करताना एजंटने आरसी मागितली आणि तेव्हा कळलं की आरसीवर इंधन अजून नुसतं "पेट्रोल" आहे. गॅरेजवाल्याने नोंद करून देतो म्हणून पैसे घेतले होते, प्रत्यक्षात कागद पुढे गेलेच नव्हते. त्या काळात गाडीला काही झालं असतं तर विमा हात वर करायला मोकळा होता. त्याहून वाईट म्हणजे किटच्या मंजुरीचा कागदही त्याच्याकडे माझ्या मॉडेलचा नव्हता. पुन्हा सगळं नव्याने करावं लागलं.

म्हणून किट ठरवताना हे बघा. त्या किटला तुमच्याच मॉडेलसाठी पुण्याच्या एआरएआयसारख्या मान्य संस्थेची मंजुरी आहे का, त्याची प्रत हातात घ्या. सिलिंडरचा नंबर आणि चाचणीची तारीख सिलिंडरवर कोरलेल्या नंबर-तारखेशी स्वतः ताडून बघा. पेठ रोडच्या आरटीओत आरसीवर सीएनजीची नोंद होईपर्यंत सगळे पैसे देऊ नका. त्यानंतर दर तीन वर्षांनी सिलिंडरची हायड्रो टेस्ट, म्हणजे पाण्याच्या दाबाने तपासणी, करावी लागते. सिलिंडरमध्ये गॅस २०० बारच्या दाबाने भरलेला असतो, त्यामुळे ही टेस्ट चुकवणं म्हणजे घरच्या माणसांच्या जिवाशी खेळ. गॅस भरताना सगळ्यांनी गाडीतून उतरायचं, झोपलेल्या बाळालाही उचलून बाहेर घ्यायचं. लोक इथे आळस करतात, तुम्ही करू नका.

चौथी पायरी: इलेक्ट्रिक घेताना

आधी गाडीबद्दल. ताशी २५ किलोमीटरच्या आतल्या आणि २५० वॅटच्या आतल्या मोटरच्या स्कूटरला नोंदणी लागत नाही. पण याच नावाखाली जोरात पळणाऱ्या गाड्याही विकल्या जातात. नंबरप्लेटची गरज नाही असं विक्रेता सांगत असेल आणि गाडी चाळीसने पळत असेल, तर तिथून उठा. नोंदणी झालेल्या खासगी इलेक्ट्रिक गाडीला हिरवी पाटी आणि पांढरी अक्षरं असतात, भाड्याच्या गाडीला हिरव्या पाटीवर पिवळी.

२०२२ च्या उन्हाळ्यात देशात काही इलेक्ट्रिक स्कूटर पेटल्या. त्यानंतर बॅटरीच्या सुरक्षेचं एआयएस-१५६ हे मानक कडक झालं आणि त्याचा दुसरा टप्पा ३१ मार्च २०२३ पासून लागू आहे. त्याआधी बनलेली गाडी कुणी स्वस्तात देत असेल तर मोहात पडू नका. बॅटरीत एलएफपी (लिथियम आयर्न फॉस्फेट) प्रकारचे सेल असतील तर ते उष्णतेला जास्त टिकाऊ असतात, मे महिन्यातल्या नाशिकच्या पत्र्याच्या शेडमध्ये त्याचं महत्त्व कळतं. वॉरंटी किती वर्षांची आणि किती किलोमीटरची, आणि सर्व्हिस सेंटर नाशिकमध्येच आहे का, हे लेखी घ्या. कागदावरची रेंज १०० किलोमीटर असेल तर ७० ते ७५ धरून चाला.

आता चार्जिंग. स्कूटरचा चार्जर इस्त्रीपेक्षा कमी वीज खातो, त्यामुळे घरचा लोड सहसा पुरतो. पण एक्स्टेंशन बोर्ड वापरायचा नाही. १६ अँपिअरचं स्वतंत्र सॉकेट, त्याला स्वतंत्र एमसीबी (भार जास्त झाला की आपोआप पडणारा स्विच) आणि ३० मिलीअँपिअरचा आरसीसीबी (वीज गळली की पुरवठा तोडणारा), एवढं हवंच. आमच्या सोसायटीत वायरमनने मीटर लावून अर्थिंग तपासलं तेव्हा कळलं की खालच्या पार्किंगच्या सॉकेटला अर्थिंगची तार जोडलेली होती, पण तिचं दुसरं टोक भिंतीत कुठेतरी तुटलेलं. वीस वर्षं कुणाला पत्ता नव्हता. तुमच्याकडे हे तपासल्याशिवाय गाडी लावू नका. सॉकेट जमिनीपासून छातीच्या उंचीवर घ्या, पावसाळ्यात तळमजल्यात पाणी कुठवर येतं ते वॉचमनला विचारून. गाडी चालवून आल्या-आल्या लावू नका, अर्धा तास बॅटरी थंड होऊ द्या.

फ्लॅटमध्ये राहणाऱ्यांची खरी लढाई सोसायटीशी असते. केंद्राच्या ऊर्जा मंत्रालयाच्या २०२४ च्या मार्गदर्शक सूचनांनुसार आपल्या सध्याच्याच वीजजोडणीवरून गाडी चार्ज करता येते. तोंडी वाद घालू नका. सेक्रेटरींना लेखी अर्ज द्या, सोबत वायरमनने काढलेला नकाशा जोडा: माझ्या मीटरपासून माझ्या पार्किंगपर्यंत केबल कुठून जाईल, पाइप कोणता, एमसीबी कुठे. खर्च माझा, वीज माझ्या मीटरची, असं स्पष्ट लिहा. आमच्याकडे एका ज्येष्ठ काकांना आगीची भीती होती. ती भीती खरी होती, ते उगाच अडवत नव्हते. त्यांना अर्थिंगचं मीटर स्वतः वाचायला दिलं, पार्किंगमध्ये आग विझवायचं सिलिंडर बसवलं, आणि पुढच्या सभेत ठराव त्यांनीच मांडला.

कारसाठी मोठा चार्जर लावणार असाल तर महावितरणकडे लोड वाढवून घ्यावा लागेल, त्याचा अर्ज गाडी बुक करायच्या आधी टाका.

एक प्रश्न हमखास येतो: वीज तर एकलहऱ्यात कोळसा जाळूनच होते ना? प्रश्न बरोबर आहे. एकलहऱ्याचा प्रकल्प ६३० मेगावॉटचा आणि कोळशावरचाच आहे. इलेक्ट्रिक मोटर पेट्रोल इंजिनापेक्षा ऊर्जा खूपच कमी वाया घालवते, आणि धूर पोराच्या नाकासमोर न निघता उंच चिमणीतून निघतो. पण एकलहरे आणि आसपासच्या गावांना तो धूर शून्य नाही, हे आपण शहरातल्यांनी विसरू नये. म्हणून ज्यांना गच्ची आहे त्यांनी सौर पॅनेलचा विचार करावा. फेब्रुवारी २०२४ मध्ये सुरू झालेल्या पीएम सूर्यघर योजनेत ३ किलोवॉट किंवा त्याहून मोठ्या घरगुती संचाला ७८,००० रुपये अनुदान आहे. बंगला असेल आणि गाडी दुपारी घरी असेल तर दुपारीच चार्ज करा.

पाचवी पायरी: जास्त फिरणाऱ्याला सोबत घ्या

वहीत घरचं रनिंग लिहून झालं की शेजारच्या पानावर आपल्या गल्लीत रोज कोण-कोण फिरतं ते लिहा. रिक्षा, शाळेची व्हॅन, दूधवाला, किराणा घरपोच देणारा मुलगा, भाजीचा छोटा हत्ती. यातली एक रिक्षा बदलली तर तुमच्या-माझ्या चार-पाच स्कूटर बदलल्यासारखं होतं, कारण ती दिवसाला शंभर किलोमीटर फिरते.

रिक्षास्टँडवर जाऊन प्रदूषणावर भाषण देऊ नका. तो दिवसभर त्या धुरातच बसलेला असतो, त्याला तुमच्यापेक्षा जास्त माहीत आहे. त्याचे प्रश्न वेगळे आहेत: हप्ता किती, बॅटरी गेली तर किती, दुपारी चार्जिंग कुठे. चहा सांगा आणि त्याच्याच वहीत त्याचा हिशेब मांडा. दिवसाचा गॅस किती, धंदा किती, दुपारी दोन तास गाडी उभी असते का. बॅटरीवर चालणाऱ्या प्रवासी वाहनांना परमिटची अट केंद्राने २०१८ च्या अधिसूचनेने काढली आहे, नोंदणी, लायसन्स आणि पासिंग मात्र लागतंच. नव्याने रिक्षा घेणाऱ्या तरुणाला ही गोष्ट फार मोठी असते. आमच्या स्टँडवर एकाने घेतली, सहा महिने बाकीचे त्याला रोज विचारत राहिले, आता आणखी दोघे बँकेत जाऊन आले आहेत. माझं बोलणं कामी आलं नाही, त्या पहिल्या दादाचं बोलणं आलं.

दुकानदाराशी बोलताना तुम्ही गिऱ्हाईक आहात हे वापरा. "घरपोच माल इलेक्ट्रिकवर पाठवाल तर आमच्या इमारतीतून महिन्याची यादी तुमच्याकडेच" असं दहा घरांनी मिळून म्हटलं की तो विचार करतो.

बाकी, सिटीलिंकची बस तुमच्या वाटेवर असेल तर आठवड्यातून दोन दिवस तिने जा. ८ जुलै २०२१ ला सुरू झालेल्या या सेवेतल्या बहुतेक बस सीएनजीवर आहेत.

हवेचा आकडा बघायचा तर केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाचं समीर अॅप घ्या. गंगापूर रोड, हिरावाडी, अंबड एमआयडीसी आणि पांडवनगरी इथल्या केंद्रांचे आकडे त्यात दिसतात. तुमच्या एका स्कूटरने तो आकडा हलणार नाही, कारण त्यात रस्त्याची धूळ, बांधकाम, कचऱ्याची आग असं सगळं असतं. तरी लिहून ठेवा, महापालिकेकडे काही मागायला जाल तेव्हा हातात तारखेवार कागद असलेला बरा.

व्हॅनच्या काकांशी माझं दोन-तीनदा बोलणं झालं. पहिल्यांदा ते रागावले. दुसऱ्यांदा मी त्यांच्या शेजारी, सायलेन्सरच्या मागे, पोरांच्या उंचीला उकिडवा बसलो आणि त्यांनाही बसवलं. आता व्हॅन थांबली की ते आधी किल्ली फिरवतात, मग दप्तरं बांधतात. मार्चमध्ये पासिंग आहे, त्याआधी सीएनजीचं किट बसवायचं म्हणतात. दोन गॅरेजचे दर काढून झाले आहेत. स्वस्त असेल तिकडे न जाता मंजुरीचा कागद दाखवेल तिकडे जायचं, आणि आरसीवर नोंद होईपर्यंत शेवटचे पाच हजार खिशातच ठेवायचे, एवढं मी त्यांच्याकडून कबूल करून घेतलं आहे.